न पुसलेली दोन पुस्तकं

तपासणी म्हटली की आमच्या अंगात येतं. नोकरीच्या तीस वर्षांत मी एक गोष्ट पक्की शिकले आहे. साहेबाला पुस्तकातलं काही कळो न कळो, धूळ मात्र बरोबर कळते. म्हणून २०४३च्या मार्चमध्ये ‘जिवंत वाचन अभियाना’चं पत्र आलं, की दहा दिवसांनी, सोमवारी, तुमच्या पुस्तकांची यंत्राने तपासणी होईल, तेव्हा मी पदर खोचला आणि आमचे शिपाई मल्लिनाथ कोरे यांनी बाह्या सरसावल्या.

मी महानंदा बिराजदार, सोलापूरच्या पूर्व भागातल्या श्रमिक वाचनालयाची ग्रंथपाल. पुस्तकं चार हजार दोनशे. आम्ही नऊ दिवस खपलो. सगळ्या पुस्तकांची वेष्टणं स्पिरिटच्या फडक्याने पुसली. पानांच्या खालच्या कोपऱ्यांवर बोटांचा काळपट मळ साचलेला असतो, तो खोडरबराने घासून काढला. मल्लिनाथ तर हेअर ड्रायर घेऊन आले आणि पानापानांतली धूळ उडवत बसले. रविवारी संध्याकाळी आमची कपाटं नव्या नवरीसारखी दिसत होती. दोघांनी कौतुकाने चहा घेतला.

अभियानाचं पत्र अकरा पानांचं होतं. मी पहिलं पान वाचलं होतं, तारखेपुरतं. ग्रंथपालाने न वाचलेलं पत्र, यावर कोणी हसलं तर मी रागावणार नाही.

सोमवारी सकाळी पुण्याहून शाल्मली सोनटक्के आली. वय तिशीच्या आत, बोलायला मऊ आणि नियमाला पक्की. तिच्याबरोबर शिलाई मशीनएवढी एक पेटी होती. पेटीत पुस्तक ठेवलं की आतले चिमटे एकेक पान उलटायचे आणि प्रत्येक पानागणिक श्वास घेतल्यासारखा आवाज यायचा. कागदोपत्री तिचं नाव वाचनमापक. मल्लिनाथांनी पाच मिनिटांत तिला ‘हुंग्या’ म्हणायला सुरुवात केली.

शाल्मलीने मला समजावून सांगितलं. माणूस पान उलटतो तेव्हा बोटाचं तेल आणि घाम कागदात मुरतो, त्वचेचे बारीक कण चिकटून राहतात. यंत्र पानावर अवरक्त प्रकाश टाकतं. तेल जसजसं जुनं होतं तसतसं हवेतल्या ऑक्सिजनने बदलत जातं, त्यावरून बोट कधी लागलं ते कळतं. मग यंत्र हलकेच हवा ओढून त्वचेचे कण गोळा करतं आणि त्यांतला डीएनए एकमेकांशी ताडून पाहतं. कण कोणाचे हे त्याला कळत नाही आणि कळूही दिलेलं नाही. किती वेगवेगळ्या माणसांचे, एवढंच ते मोजतं.

हे सगळं कशासाठी, तर शिफारस याद्यांसाठी. आजवरच्या याद्या म्हणजे न वाचणाऱ्यांसाठी न वाचलेल्यांनी केलेल्या. आता प्रत्येक वाचनालयाने दोनच पुस्तकं सुचवायची होती, कुमारांसाठीची एक विज्ञानकथा आणि सामाजिक इतिहासाचं एक पुस्तक. त्यांतल्या एका तरी पुस्तकावर पन्नास वाचकांची खूण सापडली, तर ते राज्याच्या यादीत जाणार, नव्याने छापलं जाणार आणि वाचनालय चालू राहणार. नाही सापडली तर वाचनालय बंद, पुस्तकं पुण्याच्या गोदामात.

“म्हणजे मळ मोजतात,” मी म्हणाले.

“मळ नाही मॅडम, स्पर्श. पण हो, तुम्ही म्हणता तेच.”

मल्लिनाथ खुर्चीवर बसले. साहेबांसमोर ते कधीच बसत नाहीत.

हुंग्याने दिवसभरात आमची शंभर पुस्तकं हुंगली. पडद्यावर आकडे येत गेले: वाचक शून्य, वाचक एक, वाचक शून्य. तो एकही बहुधा मीच, घासताना हात लागलेली. ज्या पुस्तकांसाठी मुलं माझ्या टेबलासमोर भांडली होती, ती पुस्तकं छापखान्यातून कालच आल्यासारखी कोरी निघाली. मला रडू आलं आणि मी रडले. शाल्मलीने पाण्याचा ग्लास पुढे केला. शेवटी तिने विचारलं, पुसापुशीच्या वेळी एखादं पुस्तक बाहेर, वाचकाच्या घरी होतं का? ते पुसलं गेलं नसेल. शुक्रवारपर्यंत ती सोलापुरात होती.

नऊ पुस्तकं बाहेर होती. आम्ही ती मागवली. सर्वांत जास्त वाचकांच्या पुस्तकावर सतरा निघाले.

“अजून दोन आहेत,” मल्लिनाथ भिंतीकडे बघत म्हणाले. “नरसम्माकडची.”

हे नाव मला ऐकायचं नव्हतं.

नरसम्मा जिंदम ही विडी वळणारी बाई. २०३२ मध्ये तिने दोन नवी कोरी पुस्तकं नेली होती. एक ‘शनीच्या कड्यावरची सायकल’, मुलांसाठीची विज्ञानकथा. दुसरं ‘सूप आणि कात्री’, सोलापुरातल्या विडी कामगार बायकांचा इतिहास. ती तिने कधीच परत केली नाहीत. मी माणूस पाठवायची, स्वतः जायची, आणि ती दारातच सांगायची, “अजून संपलं नाही बाई.” चार वर्षं तेच उत्तर. दीडशे पानांचं मुलांचं पुस्तक कोणाला चार वर्षं पुरतं? शेवटी मी तिच्या तोंडावर म्हणाले होते, की वाचता येत नसेल तर पुस्तक न्यावं कशाला. आणि तिचं सभासदत्व रद्द केलं. दोन्ही पुस्तकं गहाळ म्हणून नोंदवली. सात वर्षं आम्ही रस्त्यात भेटलो तरी बोललो नव्हतो.

बुधवारी दुपारी ऊन बेचाळीसवर होतं. रिक्षाने मी तिच्या वसाहतीत गेले. नरसम्मा आता शहात्तर वर्षांची, डोळ्यांच्या पडद्याचा आजार, उजेड आणि सावली एवढंच दिसतं. मला वाटलं होतं दार लावून घेईल. तिने माझा आवाज ओळखला आणि आत ये म्हणाली. पुस्तकं देवाच्या फळीवर, लाल कापडात बांधलेली होती.

मी सगळं सांगितलं, माझ्या फडक्यासकट. ती ऐकत राहिली आणि मग हसायला लागली. थांबेचना. चार हजार पुस्तकं पुसली म्हणजे पुण्य लागलं असेल, म्हणाली. मग गंभीर झाली. पुस्तकं एकटी पाठवणार नाही, मीही येते, म्हणाली आणि लाल गाठोडं छातीशी धरून रिक्षात बसली.

वाचनालयात ती हुंग्याजवळ खुर्ची ओढून बसली. कापड सोडलं तसा तंबाखूचा जुना, गोडसर वास सगळीकडे पसरला. शाल्मलीला शिंक आली. पानांचे कोपरे तपकिरी झाले होते, इतके की मी दुसऱ्या कोणाच्या हाती ते पाहिलं असतं तर ओरडले असते. त्या दिवशी मात्र तो मळ बघून मला देव दिसल्यासारखं झालं.

यंत्राला दोन पुस्तकांना मिळून दहा-बारा मिनिटं लागली. मग पडद्यावर आलं: वाचक एक. दुसऱ्या पुस्तकावरही: वाचक एक.

“एकाच व्यक्तीचा हात,” शाल्मली हळूच म्हणाली. “जवळजवळ प्रत्येक पान दोनदा-तीनदा उलटलेलं आहे, पण हात एकच.”

नरसम्माने विचारलं काय आलं. मी सांगितलं.

“एकटी कशी?” ती म्हणाली. “मी एकटी वाचले म्हणून काय झालं? ऐकलालत्या की सगळ्या.”

आणि मग तिने जे सांगितलं ते तीस वर्षं त्याच भागात नोकरी करून मला ठाऊक नव्हतं.

दासरी गल्लीत पत्र्याची एक शेड होती. घरी एकटीने वळण्यापेक्षा बायका तिथे जमायच्या. मांडीवर सूप, सुपात तंबाखू आणि कातरलेली पानं. दहा बोटं कामात, कान मोकळे. नरसम्मा सातवीपर्यंत शिकलेली, म्हणून तिने वाचायचं. पण वाचणारीचे हात पुस्तकात अडकले तर तिच्या विड्या कोण वळणार? मग रीत पडली. प्रत्येकीने आपल्या सुपातून थोड्या विड्या वळून नरसम्माच्या सुपात टाकायच्या. कारखान्यात माल द्यायच्या वेळी तिचा हजार भरलेलाच असायचा.

आधी ‘सूप आणि कात्री’ सुरू झालं. त्यात जुन्या संपाची हकिकत होती आणि काहींच्या आया-सासवांची नावं छापलेली होती. नाव आलं की ती बाई काम थांबवायची आणि पुन्हा वाच म्हणायची. पण नुसतं ते ऐकून जीव जड व्हायचा. मग कोणीतरी म्हणालं, एक प्रकरण आपलं वाच आणि एक वरचं वाच. वरचं म्हणजे शनीचं. त्या गोष्टीत रेवती नावाची मुलगी शनीच्या कड्यावरून बर्फाच्या गोट्यांवर सायकल चालवत टपाल वाटते. तेव्हापासून दोन्ही पुस्तकं जोडीने चालली.

शाल्मलीचे डोळे भरले होते, पण ती नियमाची मुलगी. यंत्र हात मोजतं, कान मोजता येत नाहीत, असं ती म्हणाली. नोंद तिला करावीच लागणार होती.

आता माझं सांगते. सोमवारी शरमेपोटी मी ते अकरा पानांचं पत्र घरी नेऊन दोनदा वाचलं होतं. नवव्या पानावर व्याख्या होती: ‘वाचक म्हणजे पुस्तकातील मजकूर ज्या व्यक्तीपर्यंत पोहोचला आहे ती व्यक्ती.’ हाताचा त्यात उल्लेखही नव्हता. मी ते पान तिच्यापुढे ठेवलं.

तिने वाचलं. व्याख्या बरोबर आहे म्हणाली, पण पुरावा काय?

तेव्हा माझ्या डोक्यात आलेलं मी सरळ विचारलं. “पानावर बोटांशिवाय धूळही असते. त्या धुळीचं यंत्र काय करतं?”

“ती आम्ही आधीच वजा करतो. सगळीकडून आलेली असते ना, मोजणीत गोंधळ होतो. सॉफ्टवेअर पहिल्यांदा पान स्वच्छ करतं आणि मग वाचतं.”

“म्हणजे मी फडक्याने केलं तेच.”

शाल्मली माझ्याकडे बघत राहिली. मग कळफलकाकडे वळली. तिथे मात्र तिची बोटं विडी वळणाऱ्या बाईपेक्षा वेगाने चालत होती.

तिने मधे मधे मला सांगितलं ते असं. माणूस नुसता बसला तरी त्याच्या त्वचेचे कण हवेत झडत असतात, श्वासाबरोबर बारीक थेंब जातात. खोलीत पुस्तक उघडं असेल तर ते त्या पानांवर बसतात, आणि पुस्तक मिटलं की आत अडकतात. तंबाखूची धूळ चिकट असल्यामुळे तिने त्यांना धरून ठेवलं होतं. पण एवढ्याने कोणी ऐकणारी ठरत नव्हती. शेजारून जाणाऱ्याचेही कण पडू शकतात. ऐकणारी असेल तर ती पानामागून पान, प्रकरणामागून प्रकरण सापडायला हवी.

वजाबाकी काढून टाकून हुंग्याने पुन्हा श्वास घ्यायला सुरुवात केली. मल्लिनाथांनी तीनदा चहा केला. कोणी प्यायलं नाही.

पहिल्या प्रकरणावर बारा जणी. दुसऱ्यावर एकोणतीस. मग वाढत गेल्या, आणि त्याच त्या पुन्हा येत राहिल्या. चौथ्या प्रकरणापासून शनीच्या पुस्तकावर इतिहासाच्या पुस्तकापेक्षा जास्त माणसं दिसायला लागली. नरसम्माने सांगितलं, तोवर शाळा सुटलेली पोरं सायकलसाठी यायला लागली होती. ‘सूप आणि कात्री’वर छप्पन्न. ‘शनीच्या कड्यावरची सायकल’वर त्र्याहत्तर.

मल्लिनाथांनी टाळी वाजवली आणि लाजून हात मागे घेतले. शाल्मली मात्र एका ओळीवर बोट ठेवून थांबली होती.

“एक विचित्र आहे. यंत्राच्या हिशेबी बावीस नंबरची बाई सगळीकडे आहे, पण सातव्या आणि आठव्या प्रकरणाला नाही. नवव्याला परत आली. आणि या दोन प्रकरणांवर नंतरचा एक पातळ थर आहे. त्यात फक्त तुमच्या नरसम्माबाई, ही बावीस नंबरची, आणि एक कोणीतरी नवीन, जी आधी कुठेच नाही.”

नरसम्माने मान हलवली. “यशोदा चिप्पा. बाळंत झाली तेव्हा. दोन प्रकरणं चुकली म्हणून रडलालती. पाचव्या दिवशी तिच्या घरी जाऊन दोन्ही वाचून दाखवली मी.”

“आणि नवीन कोण?”

“पोरगी तिची. मांडीवर होती की. नाव रेवती ठेवलं.”

शाल्मलीने चष्मा काढला. पुराव्यासाठी तिला आणखी काही नको होतं. धुळीच्या थराला बाळंतपण कोण शिकवणार? तिने अहवालात त्र्याहत्तर आकडा लिहिला आणि त्यात पाच दिवसांची रेवतीही धरली. मजकूर तिच्यापर्यंत पोहोचला की नाही यावर वाद घालायला कोणी तयार नव्हतं.

मी नरसम्माचे हात धरले आणि माफी मागितली. वाचता येत नसेल तर पुस्तक नेऊ नये, असं मी ज्या बाईला म्हणाले होते तिने त्र्याहत्तर माणसांना वाचून दाखवलं होतं, आणि मी ग्रंथपाल असून एक पत्र वाचलं नव्हतं. ती म्हणाली, जाऊ दे बाई, तुझ्या फडक्यातून ही दोन वाचली हेच पुष्कळ.

तेवढ्यात शाल्मलीने आणखी एक गोष्ट दाखवली. शनीच्या पुस्तकातलं शेवटचं, चौदावं प्रकरण पूर्ण कोरं होतं. धूळ नाही, तंबाखू नाही आणि नरसम्माचं बोटही नाही.

मग नरसम्माने सांगितलं. तेरावं प्रकरण संपतं तिथे रेवतीच्या पुढे कड्यातली मोठी फट येते. पलीकडच्या वसाहतीत औषध पोचवायचं असतं आणि सायकल थांबवायला जागा नसते. दुसऱ्या दिवशी शेवटचं वाचायचं ठरलं होतं. त्याच दिवशी कारखान्याने काम बंद केल्याची पाटी लागली आणि शेडला कुलूप पडलं. बायका पांगल्या. कोणी शिवणकामाला, कोणी भिवंडीला, कोणी लेकीकडे.

“सगळ्या जमल्या की वाचू म्हटलं,” ती म्हणाली. “त्यांनी माझ्या विड्या वळल्या. मी एकटीनं पुढचं कसं वाचू? मग डोळे गेले.”

अकरा वर्षं तिने ते पान उलटलं नव्हतं. ‘अजून संपलं नाही बाई’ हे अक्षरन् अक्षर खरं होतं.

शुक्रवारी शाल्मली पुण्याला गेली नाही. आम्ही तिघांनी मिळून निरोप धाडले. नरसम्माला नावं तोंडपाठ होती. यशोदाला भिवंडीतून यायला दहा तास लागले. रविवारी सकाळी दहा वाजता आमच्या वाचनालयात एकेचाळीस बायका आल्या. उरलेल्यांपैकी काही या जगात नव्हत्या आणि काहींच्या जागी सुना-मुली आल्या होत्या. बाकं पुरली नाहीत. त्या जमिनीवरच बसल्या, तशाच मांडी घालून. एकीने खरोखरच सूप आणलं होतं, रिकामं. हात रिकामे असले की ऐकू येत नाही, म्हणाली.

कोण वाचणार, हा प्रश्न आला. मी पुढे झाले, पण नरसम्माने पुस्तक माझ्याकडे दिलं नाही. तिने यशोदाच्या पोरीला हाक मारली. दहा-अकरा वर्षांची रेवती चिप्पा, दोन वेण्या, पुढचा एक दात अर्धा तुटलेला, आपल्याच नावाच्या मुलीचं पुढे काय झालं हे वाचायला उभी राहिली.

पहिली दोन वाक्यं अडखळली. मग सायकल सुटली. गोष्टीतली रेवती फटीच्या काठाशी येते, हँडल वळवते आणि मागे फिरते. बायका हळहळल्या. पण ती पळून जात नसते. आलेल्या वाटेने ती मैलभर मागे जाते, वेग यावा म्हणून. मग पायडल मारत येते आणि उडी घेते. पलीकडे पोचल्यावर आधी टपालाची पिशवी उतरवत नाही. कमरेचा दोर सोडते, एक टोक बर्फात ठोकते आणि दुसरं फटीपलीकडे फेकते, मागून येणाऱ्यांसाठी.

पोरीने पुस्तक मिटलं. सूप मांडीवर घेतलेल्या बाईची बोटं अजून हलत होती, ती थांबली. मग टाळ्या सुरू झाल्या आणि पत्र्यावर गारा पडाव्यात तशा वाजत राहिल्या. यशोदा लेकीला पोटाशी धरून रडत होती आणि हसत होती. शाल्मली मागे जमिनीवर बसली होती. हुंग्याला तिने त्या दिवशी चालूच केलं नव्हतं.

मंजुरीचं पत्र पुढच्या महिन्यात आलं. या वेळी मी शेवटपर्यंत वाचलं. दोन्ही पुस्तकं राज्याच्या यादीत गेली, वाचनालय राहिलं, आणि यंत्रातली ती वजाबाकी सगळीकडेच काढून टाकायची असं ठरलं. धनगरवाड्यांवरची, वसतिगृहांतली, देवळांच्या ओवऱ्यांतली किती पुस्तकं आता एक वाचकावरून शंभरावर जातील, ते शाल्मली मला दर आठवड्याला कळवत असते.

पण त्या रविवारचं सांगायचं राहिलं. सगळ्या गेल्यावर नरसम्मा माझ्या टेबलापर्यंत चाचपडत आली आणि दोन्ही पुस्तकं पुढे ठेवली.

“संपलं बाई,” ती म्हणाली. “घे आता परत.”

मी जुनं रजिस्टर काढलं. ‘गहाळ’ शब्दावर रेघ मारली. परतीचा शिक्का मारला, तिचं सभासद कार्ड नव्याने लिहून तिच्या हातात दिलं आणि दोन्ही पुस्तकं मुलांचा हात पोचेल अशा खालच्या फळीवर ठेवली, न पुसता.